सापावर थोडे, पेटीत फार: माइटविषयी वाचकांचे प्रश्न

पावसाळ्यात पुण्याची हवा दमट झाली की साप-सरडे पाळणाऱ्यांच्या पेट्यांमध्ये माइट, म्हणजे गोचिडीच्या जातकुळीतले अगदी बारीक जीव, वाढतात. या वेळी त्याच विषयावरचे प्रश्न एकत्र घेतले आहेत. वाचकांच्या विनंतीवरून नावं न देता फक्त भाग दिले आहेत.

प्रश्न : आमचा बॉल पायथन तीन वर्षांचा आहे, वजन साधारण सव्वा किलो. चार दिवस झाले, पाण्याच्या भांड्यातच वेटोळं घालून बसून आहे. अंगावर बारीक काळे ठिपके दिसतात, पण ते त्याच्या नक्षीतलेच आहेत की काय, कळत नाही. दुकानदार म्हणतो, कात टाकायची असेल. (सिंहगड रोड)

दुकानदाराचं म्हणणं खरं असू शकतं, पण ते तपासायला दोन मिनिटं पुरतात. कात टाकण्याआधी डोळे निळसर-दुधाळ होतात, अंगाची चमक जाते आणि पोटाकडची बाजू गुलाबीसर दिसते. यातलं काहीच नसेल तर थर्मामीटर बघा. गरम बाजूचं तापमान ३४ अंशांच्या वर गेलं असेल तर साप निव्वळ उकाड्याने पाण्यात बसतो. डोळे स्वच्छ आणि तापमान ३१-३२ असूनही तो पाण्याबाहेर येत नसेल तर मात्र माइटचा संशय घ्यावा.

भांड्यातलं पाणी पांढऱ्या ताटलीत ओता. तळाशी मिरपुडीसारखे काळे कण जमले असतील तर ते बुडालेले माइट. मग पांढरा टिश्यू ओला करून मानेपासून शेपटीकडे अलगद फिरवा आणि त्यावरचे ठिपके मिनिटभर बघत राहा. ठिपका चालायला लागला की शंका संपली. नखाने चिरडल्यावर तांबडा-तपकिरी डाग पडला तर तो रक्त प्यायलेला माइट आहे. अंगावर शोधायच्या जागा ठरलेल्या आहेत: डोळ्याची कड, हनुवटीखालची खोबण, ओठांवरच्या उष्णता जाणणाऱ्या खळग्या आणि शेपटीच्या मुळाशी विष्ठेच्या छिद्राभोवतीचे खवले. तिथले खवले किंचित उचललेले दिसतात. गडद अंगावर पांढरी पूड शिंपडल्यासारखी दिसली तर ती माइटची विष्ठा असते. माइट अंधारात फिरतात, म्हणून रात्री दिवे घालवून दोन तासांनी टॉर्च मारला तर काचेवरही दिसतील. साप हाताळून झाल्यावर स्वतःच्या मनगटाकडेही एकदा बघा.

सापांवर सर्रास आढळणारी जात म्हणजे ऑफिओनिसस नॅट्रिसिस. पूर्ण वाढलेली मादी ०.६ ते १.३ मिलिमीटरची असते. उपाशी असताना ती पिवळट-तपकिरी दिसते, रक्त प्यायल्यावर काळी. पिल्लं जवळपास रंगहीन असल्यामुळे डोळ्यांना दिसतच नाहीत. तेव्हा तुम्हाला दहा दिसले तर पेटीत दहाच आहेत असं समजू नका.

सव्वा किलोच्या सापाला रक्त कमी पडायला वेळ लागतो. साठ-सत्तर ग्रॅमच्या पिल्लाला तेवढी मुभा नसते. तोंडाची आतली त्वचा पांढुरकी पडली, अंग ढिलं वाटलं, श्वासाचा आवाज येऊ लागला किंवा खवल्यांखाली जखमा दिसल्या तर त्याच दिवशी डॉक्टर गाठा. हे माइट एरोमोनास जातीचे जंतू एका सापाकडून दुसऱ्याकडे नेतात. जाताना सेलोटेपवर दोन-चार माइट चिकटवून न्या, म्हणजे सूक्ष्मदर्शकाखाली जात कळते. कडुनिंबाचं तेल लावू नका. त्याने माइट हमखास मरत नाहीत, वर चिकट झालेल्या अंगाची कात तुकड्यांत निघते.

प्रश्न : डॉक्टरांनी दिलेला स्प्रे तीन वेळा मारला. आठ-दहा दिवस एकही माइट दिसत नाही, मग पुन्हा पहिले पाढे पंचावन्न. औषध बोगस आहे का? साप प्लायवूडच्या चार फुटी कपाटात आहे, पुढे सरकत्या काचा आहेत. (बाणेर)

औषधात खोट दिसत नाही. मारा सापावर झाला आणि शत्रू कपाटात राहिला. पोट भरल्यावर मादी सापावरून उतरते आणि अंधाऱ्या, ओलसर फटीत जाऊन अंडी घालते. एक मादी ६० ते ८० अंडी घालते. बहुतेक औषधं अंड्यांवर चालत नाहीत. उबदार पेटीत अंडी एक ते चार दिवसांत फुटतात. त्यातून निघालेली अळी काही खात नाही, पुढच्या अवस्थेतलं पिल्लू रक्त पितं, त्यापुढचं पुन्हा उपाशी राहतं आणि मग प्रौढ माइट सापावर चढतो. २५ ते ३० अंशांत हे सगळं चक्र साधारण १३ ते १९ दिवसांत पुरं होतं. तुम्हाला मिळालेले ‘आठ-दहा दिवस’ या चक्रातच बसतात: सापावरचे मेले आणि फटीतले अजून लहान होते.

म्हणून साप आणि कपाट आधी वेगळे करा. सापासाठी झाकणाचा, बाजूला कड्या असलेला ४०-५० लिटरचा प्लास्टिकचा टब घ्या आणि सोल्डरिंग आयर्नने त्याला हवेची भोकं पाडा. आत पांढरे किचन टॉवेल, लपायला बुटांचा खोका, पाण्याला स्टीलचं भांडं. बास. सजावट, लाकूड, कोकोपीट काही नको. टबाच्या एका टोकाखाली थर्मोस्टॅट लावलेली हीट मॅट ठेवा. टब दुसऱ्या खोलीत, भिंतीपासून हातभर लांब, टेबलावर असावा आणि टेबलाचे चारही पाय साबणाच्या पाण्याच्या वाट्यांत. हीट मॅटची वायर हा माइटचा पूल असतो, तिच्यावर बोटभर रुंदीचा पेट्रोलियम जेलीचा पट्टा द्या. कागद रोज बदला, खोका दर दोन-तीन दिवसांनी. काढलेला कागद लगेच पिशवीत बांधून घराबाहेर न्या.

आता कपाट. आतलं कोकोपीट किंवा झाडाची साल दुहेरी कचरापिशवीत भरून त्याच दिवशी बाहेर काढा. बाल्कनीतल्या कुंड्यांत टाकायचा मोह होतो, तो टाळा. काचा उतरवा आणि ज्या पट्टीत त्या सरकतात ती पट्टीही स्क्रू काढून बाहेर घ्या. सुतारकाम केलेल्या पुण्यातल्या बहुतेक कपाटांत माइटची खरी वस्ती याच खाचेत असते. त्याखालोखाल प्लायचे जोड, स्क्रूची भोकं, वायर जाण्याचं छिद्र, जाळीची चौकट, एलईडी पट्टीची मागची बाजू आणि चिकटवलेल्या थर्मामीटरची पाठ. फोमची कृत्रिम खडकाळ भिंत असेल तर ती वाचवायच्या भानगडीत पडू नका.

अरुंद नळी लावून सगळ्या फटी व्हॅक्यूमने ओढून घ्या आणि व्हॅक्यूमची पिशवी लगेच बांधून फेका. ५५ अंशांच्या वर माइट तग धरत नाहीत, त्यामुळे वाफेचं यंत्र हे यातलं सर्वांत उपयोगी हत्यार. ते नसेल तर उकळतं पाणी आणि ब्रश. प्लाय फुगतो म्हणून पाणी ओतू नका, ब्रशने लावा. दगड, चिनी मातीची भांडी, पट्टीचे तुकडे उकळत्या पाण्यात १०-१५ मिनिटं बुडवून ठेवा. लाकडाचे ओंडके टाकून द्यावेत असं आमचं मत आहे. एप्रिल-मेमध्ये गच्चीवर काळ्या पिशवीत ठेवून आतलं तापमान ५५ च्या वर दोन-तीन तास टिकलं तर ते वाचतात, पण जुलैच्या पुण्यात ते ऊन आणायचं कुठून? ब्लीचवर भिस्त ठेवू नका. ते जंतू मारतं, माइटच्या अंड्यांवर त्याचा भरवसा नाही.

कपाट वाळल्यावर सगळे जोड आणि भोकं सिलिकॉनने बुजवा. व्हिनेगरसारखा वास पूर्ण जाईपर्यंत साप आत जाता कामा नये, निदान दोन दिवस. तसाही तो लगेच जायचा नाहीच. कपाट सहा आठवडे रिकामं, कोरडं आणि गरम ठेवायचं आहे, कारण प्रौढ माइट ४० दिवसांपर्यंत जगू शकतो. डॉक्टरांनी परमेथ्रिन या कीटकनाशकाचा स्प्रे सुचवला तर तो फक्त या रिकाम्या कपाटासाठी. मारून दारं उघडी ठेवून २४ तास सुकवायचा. घरात मांजर असेल तर तिला त्या खोलीत फिरकू देऊ नका, परमेथ्रिन मांजरांना विषारी आहे.

सापाचं वेळापत्रक असं ठेवा. २८ ते ३० अंशांच्या पाण्यात २०-३० मिनिटं डुंबवणं, पाणी त्याच्या अंगाच्या जाडीच्या निम्म्यापर्यंतच आणि तुम्ही समोर बसलेले. पाण्यामुळे अंगावरचे पुष्कळ माइट बुडतात, पण बरेच डोक्याकडे सरकतात. त्यामुळे नुसत्या आंघोळींनी हे प्रकरण कधी मिटत नाही. बाहेर काढल्यावर ओल्या फडक्याने डोकं-हनुवटी पुसून घ्या आणि फडकं उकळत्या पाण्यात टाका. डोळ्याच्या कडेला अडकलेल्यांसाठी स्टेरॉइड नसलेलं साधं डोळ्यांचं मलम डॉक्टर देतात, त्याने माइट गुदमरतात. औषधाचा स्प्रे ते सांगतील त्या अंतराने, बहुधा चार-पाच दिवसांनी एकदा, निदान चार आठवडे. रोज सकाळी पाण्याच्या भांड्यात किती माइट सापडले ते वहीत लिहा. शेवटचा दिसला त्या तारखेपासून पुढे सहा आठवडे मोजा. लोक दुसऱ्या आठवड्यात कंटाळतात आणि साप परत कपाटात टाकतात. पुढची पिढी नेमकी त्याच सुमारास भुकेली असते.

एक अडचण उरते. कोरड्या हवेत माइटची अंडी वाळतात, पण बॉल पायथनला ५५-६० टक्के आर्द्रता लागते. तेव्हा टब वाळवंट करून चालणार नाही. पाण्याचं भांडं राहू द्या, फवारणी बंद ठेवा आणि पावसाळ्यात खोलीत पंखा किंवा एसीचा ड्राय मोड चालवा. डोळे दुधाळ झाले तेवढ्या दिवसांपुरती ओल्या टिश्यूची डबी द्या आणि कात पडली की तो टिश्यू फेकून द्या.

प्रश्न : कॉर्न स्नेकच्या कोकोपीटमध्ये पांढरे, अतिशय बारीक किडे वळवळताना दिसतात. सापावर काही नाही. पेटी रिकामी करू का? (निगडी)

एवढी घाई नको. पांढरे, संथ, मातीत आणि विष्ठेजवळ फिरणारे आणि सापावर न चढणारे हे किडे बुरशी व कुजकं खाणारे माइट असतात. बोट जवळ नेल्यावर टुणकन उडणारे असतील तर स्प्रिंगटेल. दोघंही रक्त पीत नाहीत. त्यांची गर्दी झाली याचा अर्थ कोकोपीट फार ओलं आहे किंवा विष्ठा वेळेवर उचलली जात नाही. वरचा थर काढून नवीन, मुठीत दाबल्यावर पाणी न गळणारं कोकोपीट घाला. चिरडून बघायची चाचणी यांनाही लागू आहे, लाल डाग पडला नाही तर निश्चिंत राहा.

प्रश्न : आमचं घर जुन्या वाड्यात आहे. भिंतीवरच्या पालींच्या बोटांमध्ये लाल ठिपके दिसतात. आता आमच्या पाळीव सरड्याच्या, बिअर्डेड ड्रॅगनच्या कानापाशी काळे ठिपके दिसू लागले. पालींकडून लागण झाली का? (सदाशिव पेठ)

पालींवरचे लाल ठिपके माइटच आहेत, गेकोबिया गटातले. बोटांच्या बेचक्यांत आणि कानाच्या भोकांत ते चिकटून बसतात. ते पालींना सरावलेले असतात, ड्रॅगनवर वस्ती करतील ही शक्यता कमी. तुमच्या ड्रॅगनवरचे ठिपके काळे आहेत, म्हणजे दोन संशयित उरतात: वाळूचे कण किंवा सापांवरचे तेच माइट, जे सरड्यांवरही जगतात. कान, काखा, जांघा आणि गळ्याखालची घडी ओल्या कापसाच्या काडीने पुसा. काडी कानाच्या आत घालू नका. कण चालला तर वर सांगितलेली सगळी उस्तवार करा, फक्त तापमान ड्रॅगनचं ठेवा: बसायच्या जागी ३८ ते ४२ अंश. त्याला सापासारखं नुसत्या हीट मॅटवर ठेवलं तर अन्न पचत नाही, म्हणून टबावर दिवा आणि यूव्हीबी (अतिनील किरणं देणारी) नळी लावावीच लागेल.

ड्रॅगन नवीन आणला असेल किंवा त्याच घरात, त्याच दुकानात साप असेल तर माइटचा रस्ता तोच. शिवाय नर्सरीतली साल, दुसऱ्याकडून आणलेली पेटी आणि आपले हात. आधी निरोगी प्राण्याचं काम उरका, मग आजाऱ्याचं. हाच क्रम ठेवा.

प्रश्न : कुत्र्यासाठी आणलेलं गोचिडांचं औषध घरात शिल्लक आहे. तेच पातळ करून इग्वानाला आणि सापाला लावलं तर? घरात एक लाल कानाचं कासवही आहे, त्यालाही खबरदारी म्हणून डोस द्यावा का? (हडपसर)

तीनही प्राण्यांसाठी उत्तर नाही असंच आहे, कारणं मात्र वेगळी आहेत.

गोचिडांसाठी बाटलीत मिळणाऱ्या द्रावणात बहुधा डेल्टामेथ्रिन, सायपरमेथ्रिन किंवा अमिट्राझ असतं. एक तर मात्रा कुत्र्या-गुरांसाठी ठरलेली, त्यात विद्रावक तेलकट आणि उग्र. सापाला अशा औषधाची बाधा झाली तर अंग थरथरतं, मान वाकडी होते, उलटा केला तर त्याला सरळ होता येत नाही. चुकून लागलंच असेल तर कोमट पाण्याच्या संथ धारेखाली १० मिनिटं धुवा, हवेशीर कोरड्या टबात ठेवा आणि बाटली घेऊन डॉक्टरकडे जा. डांबरगोळ्या, झुरळांचा स्प्रे आणि रॉकेल यांचा तर विचारही नको. फिप्रोनिल या कीटकनाशकाचा ०.२५ टक्क्यांचा स्प्रे काही डॉक्टर मोठ्या सापांवर फडक्याने पुसून पाच मिनिटांत धुऊन टाकतात. त्यात अल्कोहोल असतं आणि काही सरड्यांना फिप्रोनिल सोसत नाही, म्हणून ते घरी करायचं काम नव्हे.

डॉक्टर सहसा आयव्हरमेक्टिन हे परजीवी मारणारं औषध निवडतात. फवारणीसाठी प्रचलित मात्रा १ लिटर पाण्यात ५ मिलिग्रॅम, म्हणजे १ टक्का इंजेक्शनचं ०.५ मिलिलिटर. चूक होते ती सिरिंजमध्ये. आपल्याकडे लाल टोपणाची इन्शुलिन सिरिंज १ मिलिलिटरला ४० युनिटची असते आणि नारिंगी टोपणाची १०० युनिटची. अर्धा मिलिलिटर म्हणजे लाल सिरिंजवर २० युनिट, नारिंगीवर ५०. लाल सिरिंजवर ५० युनिट घेतले की औषध अडीचपट झालं. शिवाय हे औषध पाण्यात नीट विरघळत नाही, म्हणून दर वेळी बाटली जोरात हलवायची, उरलेलं साठवायचं नाही. फवारताना पाण्याचं भांडं बाहेर काढा आणि अंग सुकल्यावरच परत ठेवा. गुरांसाठीच्या काही बाटल्यांत आयव्हरमेक्टिनसोबत दुसरं औषधही मिसळलेलं असतं, तेव्हा लेबल वाचा. अशक्त किंवा पाणी कमी झालेल्या प्राण्याला आधी सलाइन, मग हे. आणि हे सगळं डॉक्टरांनी तुमचा प्राणी पाहून, त्याचं वजन घेऊन सांगितल्यावरच.

कासवाला आयव्हरमेक्टिन कधीही, कोणत्याही मात्रेत देऊ नका. कासवांमध्ये ते मज्जासंस्थेत शिरून लकवा आणतं आणि जीव घेतं. सापावर फवारलेला टब धुऊन कासवासाठी वापरणंही नको. तसंही पाण्यात राहणाऱ्या कासवावर हे माइट टिकत नाहीत. त्याच्या कवचावरून सुटणारे पातळ पापुद्रे म्हणजे रोग नव्हे, ती वाढ आहे.

इग्वानाच्या घड्यांत नारिंगी-लाल माइट दिसले तर ते हिर्स्टिएला गटातले असतात. ते सापांच्या माइटपेक्षा संथ, पण पेटीची सफाई तीच. इग्वाना आणि बॉल पायथन दोन्ही साइट्स या वन्यजीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरच्या कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात येतात, त्यामुळे २०२४ च्या नियमांप्रमाणे केंद्र सरकारच्या परिवेश पोर्टलवर त्यांची नोंदणी लागते. नसेल तर हे काम आधी उरका.

प्रश्न : साप आल्यापासून आईच्या हातावर खाजणारे लाल पुरळ येतात. माइट माणसात राहतात का? (कोथरूड)

चावतात, राहत नाहीत. माणसाच्या रक्तावर त्यांची पिढी वाढत नाही. पेटी स्वच्छ झाली की पुरळही थांबतं. तोवर साप हाताळताना फुल बाह्या घाला आणि ते कपडे गरम पाण्यात धुवा. घरात जिवंत उंदीर ठेवत असाल तर उंदरांवरचे माइटही असेच चावतात, तेही तपासून घ्या. आठवड्याभरात कमी झालं नाही तर त्वचेच्या डॉक्टरांना सापाबद्दल आवर्जून सांगा, नाहीतर खरजेची औषधं सुरू होतील.

प्रश्न : मुंबईहून दुसरा कॉर्न स्नेक आणतोय. विक्रेता म्हणतो माइट नाहीत. किती दिवस वेगळा ठेवू? (उंड्री)

सापासाठी ६० ते ९० दिवस. महिनाभर ही अगदी किमान मर्यादा, तीही प्राणी एकाच ठिकाणी वाढलेला आणि पहिल्यापासून स्वच्छ असेल तर. आणल्याबरोबर पांढऱ्या टॉवेलवर ठेवा आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तो कागद उजेडात बघा. ज्या पिशवीतून किंवा डब्यातून तो आला ती घरात घेऊ नका, दारातच गाठ मारून टाका. चिमटे, भांडी, थर्मामीटर त्याचे वेगळे. खाणं पहिले पाच-सात दिवस देऊ नका. पहिली कात पडली की ती पांढऱ्या कागदावर पसरून डोळ्यांच्या आणि हनुवटीच्या जागा भिंगाने तपासा. माइट लपवायला कातीइतकी वाईट जागा नाही, तिथे ते लगेच नजरेला पडतात.

प्रश्न : सोसायटीत सापडलेल्या धामणीच्या अंगावर गोचिडी आहेत. घरी ठेवून, उपचार करून सोडावं म्हणतो. (वारजे)

ठेवू नका. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने धामण संरक्षित आहे, उपचाराच्या हेतूनेही ती घरात ठेवता येत नाही. वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवा. जंगली धामणीवर दोन-चार गोचिडी असणं नेहमीचं आहे. त्या ओढून काढायच्या नादात तिला पकडून ठेवण्याचा ताण तिला गोचिडींपेक्षा जास्त महाग पडतो. आणि तिला उचललेल्या हातांनी घरातल्या सापाला हात लावण्याआधी कपडे बदला.